‘एलिमॉसिनरी’ : एका जुन्या इंग्रजी शब्दाचे कूळ आणि अर्थ

धर्मादाय न्यासाच्या महोत्सवी स्मरणिकेत एका अप्रचलित इंग्रजी शब्दावर लेख यावा, याचे कित्येक वाचकांस नवल वाटेल. परंतु हा शब्द आपल्याला वाटतो तितका परका नाही. आपण सर्व सभासद ज्या कामासाठी एकत्र आलो आहोत, त्याच कामाचे इंग्रजी कायद्यातील हे एक जुने नाव आहे. त्याची हकीगत समजून घेतली, म्हणजे देणारा कोण, घेणारा कोण आणि दिलेल्या द्रव्याचा धनी कोण, या तीन प्रश्नांवर चांगला उजेड पडतो. हे तीन प्रश्न कोणत्याही न्यासाला चुकलेले नाहीत.

शब्द आहे ‘एलिमॉसिनरी’. इंग्रजी कोशात तो शोधावयाचा असल्यास ई, एल, ई, ई, एम, ओ, एस, वाय, एन, ए, आर, वाय अशी १२ अक्षरे ध्यानात ठेवावीत. मधली दोन ‘ई’ सुटी उच्चारून कोणी ‘एली-इ-मॉसिनरी’ असेही म्हणतात. उच्चारात जोर ‘मॉ’वर पडतो. आजच्या वर्तमानपत्रात तो सहसा दिसत नाही. जुने ग्रंथ, कायद्याची पुस्तके, अमेरिकेतील न्यायनिर्णय आणि मुलांच्या स्पेलिंगच्या स्पर्धा एवढ्या ठिकाणीच आता त्याचा वावर उरला आहे.

दोन तोंडांचा शब्द

या शब्दाचा पहिला विशेष असा की, तो दोन्हीकडे तोंड करून उभा आहे. ‘दानासंबंधीचा, दान म्हणून दिलेला, धर्मार्थ’ हा त्याचा एक अर्थ. ‘दानावर जगणारा, दुसऱ्याच्या दयेवर अवलंबून असणारा’ हा दुसरा. रुग्णालयाला हा शब्द लावला तर ते लोकांच्या औदार्यावर चाललेले सत्कार्य ठरते, आणि माणसाला लावला तर तो परान्नपुष्ट ठरतो. शब्द एकच, पण देणाऱ्याच्या अंगावर तो शालीसारखा शोभतो आणि घेणाऱ्याच्या पाठीवर ओझ्यासारखा बसतो.

हे असे का झाले, हे पाहण्यासाठी शब्दाच्या मुळाकडे गेले पाहिजे.

कूळ

ग्रीक भाषेत ‘एलेओस’ म्हणजे करुणा. ज्याच्या ठायी करुणा आहे तो ‘एलेईमोन’, आणि त्याचा गुण अथवा कृती ती ‘एलेईमोसिनी’. गोव्यातील वाचकांनी चर्चच्या प्रार्थनेत ‘किरिए एलेइसोन’ हे शब्द ऐकले असतील. ‘प्रभो, करुणा कर’ असा त्यांचा अर्थ असून त्यातील ‘एलेइसोन’ हे याच धातूचे आज्ञार्थी रूप आहे. म्हणजे मुळात या शब्दात पैसा नव्हता, भाकरीचा तुकडाही नव्हता. तेथे होती ती फक्त मनाची एक अवस्था.

पुढे एक महत्त्वाचा प्रसंग घडला. ख्रिस्तपूर्व तिसऱ्या व दुसऱ्या शतकांत अलेक्झांड्रिया येथील ज्यू पंडितांनी आपल्या हिब्रू धर्मग्रंथांचे ग्रीक भाषेत रूपांतर केले. हिब्रूत ‘त्सदाका’ असा एक शब्द आहे. त्याचा मूळ अर्थ न्याय, सदाचार, नीतीने वागणे असा होय. या शब्दासाठी त्या पंडितांनी कित्येक ठिकाणी ‘एलेईमोसिनी’ हा ग्रीक शब्द योजला. न्यायाच्या जागी करुणा आली. भाषांतर सुंदर होते, पण त्यात काहीतरी निसटले. न्याय हा घेणाऱ्याचा हक्क असतो. करुणा ही देणाऱ्याची मर्जी असते. त्सदाका देणारा आपले कर्तव्य करतो, तर एलेईमोसिनी देणारा उपकार करतो. एका शब्दाच्या निवडीने दोघांच्या नात्यात केवढा फरक पडला, हे वाचकांनी पाहावे.

ज्यूंच्या परंपरेने मात्र आपला जुना अर्थ सोडला नाही. बाराव्या शतकातील थोर पंडित मायमोनिडीज याने दानाच्या ८ पायऱ्या सांगितल्या आहेत. नाखुशीने दिलेले दान सर्वांत खालच्या पायरीवर आहे. देणाऱ्याला घेणारा ठाऊक नाही आणि घेणाऱ्याला देणारा ठाऊक नाही, असे दान वरून दुसऱ्या पायरीवर आहे. सर्वांत वरची पायरी मात्र वेगळीच आहे : गरजूला कर्ज द्यावे, व्यापारात भागी द्यावी, अथवा काम मिळवून द्यावे, म्हणजे त्याला पुन्हा कोणापुढे हात पसरावा लागणार नाही. या ‘त्सदाका’चा अरबीतील सख्खा भाऊ म्हणजे ‘सदका’, आणि हा शब्द हैदराबादकडील आपल्या मंडळींच्या कानांवरून नेहमी गेलेला असतो.

ग्रीकमधून हा शब्द चर्चच्या लॅटिनमध्ये ‘एलिमोसिना’ या रूपाने आला. तोवर त्याचा अर्थ ‘करुणा’ यापेक्षा ‘करुणेने दिलेली वस्तू’ असा झाला होता. मध्ययुगात त्यापासून ‘एलिमोसिनारियस’ हे विशेषण बनले, आणि सतराव्या शतकाच्या आरंभी इंग्रज पंडितांनी तेच उचलून ‘एलिमॉसिनरी’ केले.

शब्दाचे भाऊबंद

हा पंडिती शब्द इंग्लंडात येण्याच्या कित्येक शतके आधी त्याचाच एक भाऊ खेडवळ वेषात तेथे येऊन राहिला होता. भिक्षा अथवा दान या अर्थाचा ‘आम्स’ हा इंग्रजी शब्द तो हाच. सहा अवयवांचा ग्रीक शब्द लोकांच्या तोंडी झिजत झिजत जुन्या इंग्रजीत ‘अल्मेसे’ झाला आणि शेवटी एकाच अवयवाचा उरला. नदीतला दगड वाहत वाहत गोटा व्हावा, तसे हे झाले. ‘आम्स’च्या शेवटी असलेला ‘एस’ पाहून पुष्कळांना हे अनेकवचन वाटते. वस्तुतः तो ‘एस’ मूळ शब्दातील ‘सिनी’चा अवशेष आहे.

युरोपातील इतर भाषांतही हेच कुटुंब पसरले आहे. जर्मनमध्ये ‘आल्मोझेन’, फ्रेंचमध्ये ‘ओमोन’, स्पॅनिशमध्ये ‘लिमोस्ना’, इटालियनमध्ये ‘एलेमोझिना’ आणि पोर्तुगीजमध्ये ‘एस्मोला’. गोव्याच्या जुन्या पिढीला ‘एस्मोला’ हा शब्द परिचयाचा असावयास हरकत नाही.

इंग्लंडातील मठांत दानवाटपाचे काम पाहणारा अधिकारी असे. त्याला ‘आल्मनर’ म्हणत, आणि त्याच्या कोठीला ‘आल्मनरी’. लंडनच्या वेस्टमिन्स्टर मठाच्या आल्मनरीच्या आवारात इंग्लंडचा पहिला मुद्रक विल्यम कॅक्स्टन याचा छापखाना होता. त्याने इंग्लंडात मुद्रणाला आरंभ केला तो १४७६ साली. इंग्लंडच्या राजघराण्यात ‘लॉर्ड हाय आल्मनर’ हे पद आजही आहे. गुड फ्रायडेच्या आदल्या दिवशी राजाच्या वयाच्या वर्षांइतके पुरुष आणि तितक्याच स्त्रिया यांना राजाकडून खास पाडलेली नाणी देण्याचा विधी अद्याप चालू आहे.

‘आल्मनर’ शब्दाचा पुढचा प्रवास लक्षात ठेवण्यासारखा आहे. १८९५ साली लंडनच्या रॉयल फ्री रुग्णालयात मेरी स्ट्यूअर्ट या बाईंची आल्मनर म्हणून नेमणूक झाली. खरोखर गरीब कोण आणि ऐपत असून फुकट औषध घेणारा कोण, हे निवडणे हे त्यांचे मुख्य काम ठरले होते. पण रोग्यांची चौकशी करता करता असे दिसून आले की, कोणाच्या घरी अन्न नाही, कोणाची नोकरी गेली आहे, कोणाला नुसते औषध देऊन उपयोग नाही. पहारेकऱ्याचे काम हळूहळू मदतनीसाचे झाले. पुढे या सेवकांनाच आपल्या पदनामातील भिक्षेचा वास नकोसा झाला, आणि १९६४ साली त्यांच्या संस्थेने ‘आल्मनर’ हा शब्द टाकून ‘वैद्यकीय समाजसेवक’ हे नाव घेतले. मुंबईच्या जे. जे. रुग्णालयात तर १९४६ सालीच वैद्यकीय समाजसेवकाची नेमणूक झाली होती.

फुकटची पंगत आणि विकतची खाणावळ

‘एलिमॉसिनरी’ शब्दाचा इंग्रजी साहित्यातील प्रसिद्ध उपयोग हेन्री फील्डिंगच्या ‘टॉम जोन्स’ या कादंबरीत आहे. ही कादंबरी १७४९ साली प्रसिद्ध झाली आणि तिच्या पहिल्याच वाक्यात हा शब्द येतो. फील्डिंगचे म्हणणे थोडक्यात असे : लेखकाने स्वतःला फुकट जेवण घालणारा यजमान समजू नये, पैसे घेऊन जेवू घालणारा खाणावळवाला समजावे. कारण यजमानाच्या घरी जेवण बेचव झाले तरी पाहुण्याला गप्प बसावे लागते, उलट तोंड भरून स्तुतीही करावी लागते. खाणावळीत मात्र पैसे मोजणारा गिऱ्हाईक भाजी खारट झाली तर तसे स्पष्ट म्हणू शकतो.

फील्डिंगने हे विनोदाने लिहिले, पण दानाच्या व्यवहारातील नेमके दुखणे त्यात आले आहे. फुकट जेवणाऱ्याचे पोट भरते, पण ‘आमटीत मीठ नाही’ असे म्हणण्याचा त्याचा अधिकार जातो. दानाची खरी किंमत घेणारा अशा रीतीने चुकवीत असतो. ती किंमत नाण्यात मोजली जात नाही, म्हणून हिशेबाच्या वहीत कधी दिसत नाही.

डॉक्टर जॉन्सन

या शब्दाचे दोन्ही अर्थ ज्याने आपल्या कोशात नोंदविले आणि दोन्ही अर्थ स्वतःच्या आयुष्यात अनुभवले, असा एक पुरुष इंग्रजी वाङ्मयात होऊन गेला. तो म्हणजे डॉ. सॅम्युएल जॉन्सन. त्याचा विख्यात इंग्रजी कोश १७५५ साली निघाला.

जॉन्सन एका गरीब पुस्तकविक्रेत्याचा मुलगा. १७२८ साली तो ऑक्सफर्डच्या पेंब्रोक कॉलेजात दाखल झाला. शेजारच्या क्राइस्ट चर्च कॉलेजात एका मित्राकडे व्याख्यानांची टिपणे घेण्यासाठी तो जात असे. त्याचे जोडे इतके फाटले होते की त्यातून पाय दिसत. तेथील मुलांचे तिकडे लक्ष जाते असे दिसताच त्याने जाणे बंद केले. मग कोणा सहृदय माणसाने नव्या जोड्यांचा एक जोड त्याच्या खोलीच्या दाराशी गुपचूप आणून ठेवला. जॉन्सनने तो पाहिला आणि संतापाने फेकून दिला. जेम्स बॉस्वेल याने लिहिलेल्या त्याच्या चरित्रात ही हकीगत आली आहे. पुढे पैशांच्या अभावी त्याला पदवी न घेताच ऑक्सफर्ड सोडावे लागले.

देणाऱ्याचा हेतू वाईट नव्हता. त्याने आपले नावही लपविले होते. पण त्या तरुणाला त्याची गरज न विचारता मदत दिली गेली, आणि त्याच्या दारिद्र्याची चर्चा झाली आहे हे त्या जोड्यांनीच त्याला सांगितले. पायांना जोडे मिळाले, पण मनाला ते टोचले.

हाच जॉन्सन उतारवयात कसा वागला ते आता पाहा. १७६२ साली राजाकडून त्याला सालीना ३०० पौंडांचे वेतन मिळू लागले. आपल्या कोशात ‘पेन्शन’ या शब्दाची त्याने पूर्वी भरपूर टर उडविली होती, त्यामुळे ते घ्यावे की न घ्यावे असा त्याला प्रश्न पडला. हे वेतन पुढे काही करावे म्हणून नसून आजवर केलेल्या कार्याबद्दल आहे, असे मुख्य मंत्री लॉर्ड ब्यूट यांनी सांगितले, तेव्हा त्याने ते स्वीकारले. जोडे फेकणाऱ्या हाताने पेन्शन घेतली, कारण या वेळी देणाऱ्याने घेणाऱ्याची योग्यता मान्य केली होती.

त्या पैशांचे त्याने काय केले? त्याचे घर निराधारांनी भरलेले असे. ॲना विल्यम्स नावाची अंध कवयित्री, गोरगरिबांना औषध देणारा रॉबर्ट लेव्हेट, जमेकात गुलामगिरीत जन्मलेला फ्रान्सिस बार्बर अशी माणसे त्याच्या आश्रयाला होती. ती आपसांत भांडत, कुरकुरत, प्रसंगी त्याच्यावरही रागावत. आणि तो ते सोशीत असे. आमटीत मीठ नाही असे म्हणण्याचा त्यांचा हक्क त्याने काढून घेतला नव्हता. १७८४ साली तो मरण पावला, तेव्हा बार्बरसाठी त्याने मृत्युपत्रात वर्षासनाची तरतूद केलेली होती.

त्याची आणखी एक गोष्ट सांगतात. रात्री उशिरा घरी परतताना रस्त्याच्या कडेला निजलेली अनाथ मुले दिसली की, तो त्यांच्या मुठीत हळूच पेनी सरकवून पुढे जाई. सकाळी उठल्यावर त्यांना न्याहारी घेता यावी, एवढाच हेतू. मुलाला देणारा माहीत नाही, आभार मानण्याचा प्रश्नच नाही, जोड्यांसारखे कोणाच्या डोळ्यांवर येणेही नाही. मायमोनिडीजच्या वरच्या पायऱ्यांपैकी एकीवर जॉन्सन अशा रीतीने उभा होता.

कायद्याच्या दरबारात

आता तिसरा प्रश्न : दान दिल्यावर त्या द्रव्याचा धनी कोण? येथे ‘एलिमॉसिनरी’ शब्दाने मोठी कामगिरी केली आहे.

इंग्लंडात १६०१ साली एलिझाबेथ राणीच्या कारकीर्दीत धर्मादाय देणग्यांचा गैरवापर थांबविण्यासाठी एक कायदा झाला. धर्मादाय कामे कोणती, याची यादी त्याच्या प्रस्तावनेत आहे. वृद्ध, अपंग व गरीब यांचे पोषण, जखमी सैनिक व खलाशी यांची काळजी, शाळा व विद्यार्थी, अनाथांचे शिक्षण, गरीब मुलींचे विवाह, नवशिक्या कारागिरांना साह्य, कैद्यांची सुटका यांच्या जोडीने पूल, बंदरे व रस्ते यांची दुरुस्तीही तेथे आहे. म्हणजे धर्मादाय म्हणजे केवळ भिक्षा नव्हे; ज्यावरून गरीब व श्रीमंत दोघेही चालतात तो पूलही धर्मादायच. १८९१ साली पेम्सेल खटल्यात लॉर्ड मॅकनॉटन यांनी याच परंपरेचे चार वर्ग केले : दारिद्र्यनिवारण, शिक्षणप्रसार, धर्मप्रसार आणि समाजाच्या हिताची इतर कामे. हिंदुस्थानात १८९० साली झालेल्या धर्मादाय देणग्यांच्या कायद्यात गरिबांना साह्य, शिक्षण, वैद्यकीय मदत आणि सार्वजनिक उपयुक्ततेची कामे असा उल्लेख आहे. मुंबई राज्यात १९५० साली सार्वजनिक विश्वस्त व्यवस्थेचा कायदा झाला, आणि त्यातील ‘चॅरिटी कमिशनर’ला मराठीत ‘धर्मादाय आयुक्त’ हे समर्पक नाव मिळाले.

इंग्लंडचे विख्यात कायदेपंडित ब्लॅकस्टन यांनी १७६५ साली प्रसिद्ध होऊ लागलेल्या आपल्या ग्रंथात लौकिक संस्थांचे दोन प्रकार केले : एक नागरी आणि दुसरा ‘एलिमॉसिनरी’. संस्थापकाने ज्यांना देऊ केले त्यांनाच त्याचे दान कायम पोहोचत राहावे, यासाठी स्थापन झालेल्या रुग्णालयांसारख्या व विद्यालयांसारख्या संस्था दुसऱ्या प्रकारात येतात. अशा संस्थेची तपासणी करणारा ‘व्हिजिटर’ असावा, हेही त्यांनी सांगितले आहे.

या भेदाची कसोटी अमेरिकेत लागली. न्यू हॅम्पशायर प्रांतात एलिझर व्हीलॉक यांनी देणग्या जमवून डार्टमथ कॉलेज काढले होते, आणि १७६९ साली त्याला इंग्लंडच्या राजाची सनद मिळाली होती. पुढे अमेरिका स्वतंत्र झाली. १८१६ साली त्या राज्याच्या विधिमंडळाने कायदा करून ती सनद बदलली आणि कॉलेज आपल्या ताब्यात घेण्याचा घाट घातला. विश्वस्त सर्वोच्च न्यायालयात गेले. त्याच कॉलेजचे जुने विद्यार्थी डॅनियल वेब्स्टर यांनी त्यांची बाजू मांडली. १८१९ साली मुख्य न्यायाधीश जॉन मार्शल यांनी निकाल दिला की, हे कॉलेज सरकारी कचेरी नसून खाजगी ‘एलिमॉसिनरी’ संस्था आहे. शिक्षणाने साऱ्या राष्ट्राचे हित होते, एवढ्यावरून ते सरकारच्या मालकीचे होत नाही. दाते मरून गेले असतील, आज शिकणारे विद्यार्थीही उद्या निघून जातील, पण दात्यांच्या इच्छेचे प्रतिनिधी म्हणून विश्वस्त मंडळ उभे आहे, आणि सनद हा करार असल्यामुळे विधिमंडळाला तो मोडता येत नाही.

या निकालाचे मर्म प्रत्येक विश्वस्ताने ध्यानी धरावे असे आहे. दान एकदा दिले की ते दात्याचे राहत नाही, सरकारचे होत नाही, आणि विश्वस्तांचे तर मुळीच होत नाही. ते हेतूचे होते. विश्वस्त हा त्या हेतूचा राखणदार आहे. म्हणूनच त्याला हिशेब द्यावा लागतो, आणि हिशेब मागणाऱ्यावर रागावण्याचा अधिकार त्याला नाही.

काळ बदलला म्हणजे हेतू कसा सांभाळावा, याचे उदाहरण आपल्या इतिहासात आहे. पेशवाईत पुण्यास विद्वान ब्राह्मणांना श्रावणमासी दक्षिणा वाटली जात असे. पेशवाई गेल्यावर त्या खर्चातून १८२१ साली पुण्यास संस्कृत पाठशाळा निघाली. पुढे तरुण सुधारकांनी मागणी केल्यावर या पैशांचा काही भाग मराठी ग्रंथांच्या उत्तेजनाकडे वळला, आणि १८५१ साली दक्षिणा प्राइझ कमिटी स्थापन झाली. विद्येचा सन्मान हा हेतू कायम राहिला. वाटपाच्या जागी शाळा आणि ग्रंथ आले.

आपले शब्द

‘एलिमॉसिनरी’ला मराठीत जवळचा शब्द ‘धर्मादाय’. त्यालाही दोन तोंडे आहेत. ‘धर्मादाय दवाखाना’ आपण आदराने म्हणतो. पण ‘धर्मादायाचे अन्न’ म्हणताना आवाजात थोडी तुच्छता येतेच. ‘खैरात’ या शब्दाचे तर पुरतेच अधःपतन झाले. अरबीत त्याचा अर्थ सत्कृत्ये असा होता, आणि आपण ‘खैरात वाटली’ म्हणतो ते उधळपट्टीच्या अर्थाने. इंग्रजीतही ‘दानासारखे थंडगार’ अशी म्हण आहे. दान जेथे जेथे मायेपासून सुटले, तेथे तेथे त्याच्या शब्दालाही हीनपणा आला, असे दिसते.

तथापि आपल्या भाषेने एक मोलाची ठेव जपून ठेवली आहे. दारी आलेला याचक ‘माई, धर्म करा’ असे म्हणतो. तो ‘दया करा’ एवढेच म्हणून थांबत नाही. धर्म म्हणजे कर्तव्य, न्याय, सदाचार, आणि धर्म म्हणजे दानही. हिब्रू ‘त्सदाका’मध्ये जे दोन अर्थ एकत्र नांदत होते, ते आपल्या ‘धर्म’ शब्दात अद्याप नांदत आहेत. ‘भिक्षा’ शब्द त्याहून बोलका आहे. भाषाशास्त्रज्ञांच्या मते ‘भिक्ष्’ हे ‘भज्’ म्हणजे वाटून घेणे या धातूचे इच्छार्थक रूप आहे. तेव्हा भिक्षा म्हणजे आपला वाटा मिळावा अशी इच्छा. मागणारा दुसऱ्याचे मागत नाही. तो आपला वाटा मागतो.

म्हणूनच माधुकरी मागून अथवा वार लावून जेवून शिकण्याचा मार्ग आपल्याकडे निषिद्ध मानला गेला नाही. मधमाशी फुलाफुलातून थोडे थोडे घेते, त्यावरून माधुकरी हे नाव पडले. अर्थात सर्वच घरी वाराच्या मुलाला सारख्या मायेने वाढले जात होते असे नाही, आणि हा मार्गही सर्व जातींच्या मुलांना मोकळा नव्हता, हे विसरता कामा नये.

पुढच्या काळात दूरदृष्टीच्या दात्यांनी याहून चांगल्या वाटा काढल्या. जमशेटजी टाटा यांनी १८९२ साली उच्च शिक्षणासाठी निधी काढला तो कर्जाऊ शिष्यवृत्त्यांचा. विद्यार्थ्याने शिकावे, कमवावे आणि परत करावे, म्हणजे त्याच पैशांतून पुढचा विद्यार्थी शिकेल. १९१३ साली बडोद्याचे महाराज सयाजीराव गायकवाड यांच्या संस्थानची शिष्यवृत्ती घेऊन भीमराव आंबेडकर कोलंबिया विद्यापीठात गेले ते संस्थानची नोकरी करण्याचा करार करून. ज्याच्याशी करार होतो, तो याचक राहत नाही. तो बरोबरीचा होतो.

सारांश

या शब्दाच्या प्रवासातून आपल्यासारख्या संस्थांनी घ्यावयाचा बोध थोडक्यात असा सांगता येईल. मदत मागावयास येणाऱ्या विद्यार्थ्याला त्याच्या गरिबीचे वर्णन दहा माणसांसमोर करावयास लावू नये. शिष्यवृत्ती देताना व्यासपीठावर उभे करून त्याची छायाचित्रे घेण्यापेक्षा ती शांतपणे त्याच्या हाती पोहोचवावी. वसतिगृहातील मुलाने जेवणाबद्दल तक्रार केली तर ‘फुकट मिळते आहे ना?’ असे उत्तर देऊ नये, कारण ती तक्रार करण्याचा त्याचा हक्क शाबूत ठेवणे हा दानाचाच भाग आहे. शक्य तेथे अशी मदत करावी की ती पुन्हा मागावी लागू नये. आणि आज घेणारा उद्या देणारा व्हावा, यासाठी संस्थेचे दार त्याच्यासाठी सभासद म्हणून उघडे असावे.

सातव्या शतकात अलेक्झांड्रियाचा धर्मगुरू जॉन याला लोकांनी ‘एलेईमोन’ म्हणजे करुणावंत अशी पदवी दिली होती. त्याचे चरित्रकार सांगतात की, अधिकारग्रहण करताच त्याने सेवकांना आज्ञा केली, “माझ्या सर्व धन्यांची यादी करून आणा.” आपले धनी कोण, असे सेवकांनी विचारले, तेव्हा तो म्हणाला, “ज्यांना तुम्ही गरीब आणि भिकारी म्हणता, ते.” साडेसात हजार नावे निघाली, आणि त्यांना रोज मदत देण्याची त्याने व्यवस्था केली.

‘एलिमॉसिनरी’ हा अवघड शब्द विसरला गेला तरी चालेल. ही यादी मात्र प्रत्येक न्यासाच्या दप्तरात पहिल्या पानावर असावी, आणि तिच्यात ज्यांची नावे आहेत त्यांच्याशी आपण धन्याशी बोलावे तसे बोलावे.